पन्नास लाखांचं घरकर्ज नक्की कितीला पडतं?

हप्ता किती बसेल, हा घर घेणाऱ्याचा पहिला प्रश्न असतो आणि बहुतेक वेळा शेवटचाही तोच. बिल्डरच्या ऑफिसात, बँकेच्या टेबलापाशी, रात्री जेवणं उरकल्यावर मोबाईलवरचा कॅल्क्युलेटर उघडून बसलेल्या नवरा-बायकोत, सगळीकडे हिशेब हप्त्यापासून सुरू होतो आणि हप्त्यापाशीच थांबतो. दोघांचा मिळून पगार लाखभर, हप्ता ४३ हजार. किराणा, शाळेची फी, गावी आई-वडिलांना पाठवायचे पैसे वजा जाता भागतंय. मग सही. हप्ता झेपणं गरजेचं आहेच, त्यात वाद नाही. पण कर्ज किती महाग आहे हे हप्त्यावरून कळत नाही. ते मुदतीवरून कळतं, आणि मुदतीकडे फारसं कोणी बघत नाही. ती बहुधा बँकेतला माणूसच ठरवतो: निवृत्तीला किती वर्षं उरली ते बघून जास्तीत जास्त बसेल तेवढी.

एक साधं उदाहरण घेऊ आणि शेवटपर्यंत तेच धरून चालू. पुणे शहरात ६२ लाख ५० हजारांचा, अजून बांधकाम चालू असलेला दोन बेडरूमचा फ्लॅट. बँकेचं कर्ज ५० लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. दर वर-खाली होत असतात, आज कोणाला साडेसातने मिळेल तर कोणाला नऊने. साडेआठ हा आकडा फक्त उदाहरणापुरता. या कर्जाचा हप्ता बसतो ४३,३९१ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज होते १ कोटी ४ लाखांच्या थोडी वर. म्हणजे मुद्दल ५० लाख आणि व्याज ५४ लाख १४ हजार.

आपल्याकडे दामदुप्पट नावाचा एक जुना नियम होता. सावकाराला एका वेळी वसूल करता येणारं थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये, असं धर्मशास्त्राने सांगितलं होतं आणि मुंबई इलाख्यातली इंग्रजांची न्यायालयंही तो नियम मानत असत. घरकर्जाला तो लागू पडत नाही, कारण इथे व्याज थकत नाही, दरमहा भरलं जातं. पण मुद्दलापेक्षा व्याज जास्त होणं आपल्या पूर्वजांना किती खटकत होतं, ते यातून दिसतं. साडेआठ टक्के दराने कर्जाची मुदत पावणेएकोणीस वर्षांच्या पुढे गेली की एकूण व्याज मुद्दलाला मागे टाकतं. वीस वर्षांचं कर्ज घेणारा प्रत्येक जण ही रेघ ओलांडतो, आणि बहुतेकांना ती ओलांडल्याचं कळतही नाही.

आता पहिल्या हप्त्याकडे बघू. ५० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं ३५,४१७ रुपये. हप्ता ४३,३९१चा. व्याज वळतं करून मुद्दलात जमा होतात ७,९७४ रुपये. दुसऱ्या महिन्यात मुद्दल तेवढ्याने कमी झालेलं असतं, म्हणून व्याज ५६ रुपयांनी घटतं आणि ते ५६ रुपये मुद्दलाच्या वाट्याला जातात. तिसऱ्या महिन्यात आणखी थोडे. यात कसली लबाडी नाही; जेवढं देणं बाकी तेवढ्यावर व्याज, इतकाच हिशेब आहे. पण त्याचा परिणाम असा होतो की पहिल्या वर्षात आपण ५ लाख २० हजार भरतो आणि मुद्दल कमी होतं एक लाखाहूनही थोडं कमी. उरलेले ४ लाख २१ हजार व्याजाचे.

कर्ज मंजूर झालं की बँक परतफेडीचं एक वेळापत्रक देते. २४० ओळींचा तक्ता. प्रत्येक ओळीत हप्ता, व्याज, मुद्दल आणि शिल्लक देणं. बहुतेक घरांत तो फायलीत जातो आणि पुन्हा बाहेर येत नाही. तो एकदा निवांत वाचावा असं मला कळकळीने वाटतं, कारण त्यातल्या काही ओळी डोळे उघडणाऱ्या असतात. ६०वी ओळ: पाच वर्षं झाली, २६ लाख भरले, आणि अजून ४४ लाख देणं आहे. १२०वी ओळ: निम्मी मुदत संपली, ५२ लाख भरले, म्हणजे घेतलेल्या कर्जापेक्षाही जास्त, आणि देणं उरलंय जवळजवळ ३५ लाख. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला सुमारे बारा वर्षं लागतात. निम्मं मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा. उरलेलं निम्मं मग सहा वर्षांत फिटतं.

सात-आठ वर्षांनी घर विकून मोठं घर घेऊ, असं म्हणणाऱ्यांनी तर हा तक्ता पाठच करावा. त्यांच्या डोक्यात हिशेब असतो की इतकी वर्षं हप्ते भरले, म्हणजे कर्ज बरंच उतरलं असेल. ते फारसं उतरलेलं नसतं. पहिली आठ वर्षं ही प्रामुख्याने व्याज भरण्याची वर्षं असतात.

मुदत वाढवली की काय होतं? हाच ५० लाखांचा आकडा ३० वर्षांवर न्या. हप्ता ३८,४४६ होतो, म्हणजे महिन्याला पाच हजारांहून थोडे कमी वाचतात. आणि एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर जातं. महिना पाच हजार हलके व्हावेत म्हणून ३४ लाख जास्तीचे. उलट मुदत १५ वर्षांवर आणा: हप्ता ५,८४६ रुपयांनी वाढून ४९,२३७ होतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजारांवर येतं, म्हणजे साडेपंधरा लाखांची बचत. व्याजदरासाठी आपण किती घासाघीस करतो! अर्धा टक्का दर कमी करून मिळाला, साडेआठचा आठ झाला, तर वीस वर्षांत पावणेचार लाख वाचतात. ते वाचवायलाच हवेत. पण ज्या मुदतीत पंधरा-वीस लाख इकडचे तिकडे होतात, तिच्याबद्दल एक शब्दही न विचारता आपण सही करतो.

आणि ही मुदतसुद्धा कायम राहील याची खात्री नसते. आपल्याकडची बहुतेक घरकर्जं बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९पासून बँकांनी द्यायची अशी नवी घरकर्जं बाहेरच्या एखाद्या मापदंडाला जोडायची असं रिझर्व्ह बँकेने ठरवून दिलं, आणि बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर निवडला. त्याआधी बँका स्वतःच्या खर्चावरून दर ठरवायच्या आणि रिझर्व्ह बँकेने दर कमी केले तरी ते कर्जदारापर्यंत पोचायला वर्ष-वर्ष लागायचं. आता निदान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने ठरतो. गृहवित्त कंपन्यांना मात्र हा नियम लागू नाही; त्या आपापल्या अंतर्गत दरावर चालतात. कर्ज बँकेचं आहे की गृहवित्त कंपनीचं, हे म्हणूनच सही करण्याआधी नीट बघायचं.

रेपोशी जोडलं जाण्याची दुसरी बाजू २०२२मध्ये लोकांना समजली. २०२१च्या दिवाळीच्या सुमारास घरकर्जं ६.७० टक्क्यांच्या आसपास मिळत होती, इतकी स्वस्त की कित्येकांनी भाड्याचं घर सोडून त्याच वेळी उडी घेतली. मे २०२२मध्ये रेपो दर ४ टक्क्यांवरून वर जायला लागला आणि फेब्रुवारी २०२३पर्यंत साडेसहा झाला. दहा महिन्यांत अडीच टक्के. यात त्या कर्जदाराचं काय झालं ते आकड्यांत बघू. ५० लाख, ६.७० टक्के, २० वर्षं: हप्ता ३७,८७० रुपये. हिशेब सोपा व्हावा म्हणून असं धरू की एक वर्ष सुरळीत गेलं आणि मग सगळी अडीच टक्क्यांची वाढ एकदम अंगावर आली. वर्षअखेर देणं आहे ४८ लाख ७७ हजार. त्यावर ९.२० टक्क्यांनी महिन्याचं व्याज होतं ३७,३८९. हप्ता ३७,८७०. मुद्दलात जमा काय होणार? ४८१ रुपये.

हप्ता तोच ठेवून हे कर्ज फेडायचं म्हटलं तर १९ वर्षांच्या जागी ४७ वर्षांहून जास्त लागतील. पस्तिशीतल्या माणसाचं कर्ज ब्याऐंशीपर्यंत. एवढी मुदत कोणतीच बँक देत नाही, म्हणून शेवटी हप्ताही वाढतोच. १९ वर्षांतच फेडायचं तर तो ४५,३३६ व्हायला हवा, महिन्याला साडेसात हजार जास्त. पण त्या काळात अनेकांच्या बाबतीत झालं ते असं की आधी मुदत जेवढी ताणता येईल तेवढी ताणली गेली. खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच, म्हणून घरात कोणाला काही कळलं नाही. एक एसएमएस येऊन गेला असेल, नसेल. कर्ज घेताना जे शेवटचं वर्ष सांगितलं होतं ते सात-आठ वर्षं पुढे सरकलंय, हे पुढे केव्हातरी स्टेटमेंट काढल्यावर उमगलं. यातला सगळ्यात मोठा अन्याय मला व्याज वाढण्यात दिसत नाही. दर वाढणार हे कर्ज घेताना मान्य केलेलंच असतं. अन्याय हा की माणसाच्या आयुष्यातली वर्षं त्याला न विचारता बांधली गेली.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ला यावर परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची संधी कर्जदाराला द्यायची. पाहिजे तेव्हा थोडं किंवा सगळं कर्ज आधी फेडू द्यायचं. बँकेच्या धोरणाप्रमाणे स्थिर दराकडे जायचा पर्यायही तेव्हा ठेवायला सांगितला होता. आणि मुदत इतकी ताणायची नाही की हप्ता व्याजालाही पुरू नये. शिवाय दर तिमाहीला कर्जदाराला एक स्टेटमेंट मिळायला हवं, ज्यात आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, हप्ता किती, किती हप्ते उरले आणि वार्षिक दर किती, हे सगळं लिहिलेलं असेल. त्यात उरलेल्या हप्त्यांचा आकडा मी सगळ्यात महत्त्वाचा मानतो. तीन महिन्यांपूर्वी २०१ होता तर आता १९८ व्हायला हवा. तो २०६ दिसला तर त्याच आठवड्यात शाखेत जाऊन, लेखी अर्ज देऊन, हप्ता वाढवून मागायचा.

दर उतरतात तेव्हा हेच उलट दिशेने करायचं असतं. २०२५च्या फेब्रुवारी ते जूनमध्ये रेपो दर साडेसहावरून साडेपाचवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घ्यायचा मोह होतो. खरोखर ओढाताण असेल तर घ्यावा. पण ज्याचं चाललंय त्याने हप्त्याला हात लावू नये. दर घटल्याचा सगळा फायदा मुदतीत जाऊ द्यावा. आणखी एक गोष्ट इथे सांगायला हवी. नव्या ग्राहकाला ओढण्यासाठी बँका त्याला कमी दर देतात आणि आठ वर्षं इमानेइतबारे हप्ते भरणारा जुना कर्जदार जुन्याच, जास्त दरावर राहतो. तक्रार केल्याशिवाय तो बहुधा बदलत नाही. सिबिल स्कोअर चांगला असेल तर दर कमी करून द्या असा अर्ज करता येतो, थोडी फी भरून तो मिळतोही. नाहीच मिळाला तर दुसऱ्या बँकेत कर्ज नेता येतं. बदलत्या दराचं वैयक्तिक घरकर्ज मुदतीआधी फेडल्याबद्दल दंड लावायला २०१२पासून मनाई आहे, हे इथे आपल्या बाजूचं मोठं हत्यार.

याच मनाईमुळे सगळ्यात मोठी बचत हाताशी येते. पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अकरा हप्ते गळून पडतात. म्हणजे आत्ताच्या एका लाखाने पुढचे पावणेपाच लाखांहून जास्त भरायचे वाचतात. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर साडेतीन हप्ते जातात, दीड लाख वाचतात. दोन्ही वेळा दर साडेआठच आहे. फरक इतकाच की पहिल्या लाखाला काम करायला १९ वर्षं मिळाली. प्रॉव्हिडंट फंड, बोनस, गावची जमीन विकून आलेला वाटा, जे काही कर्जात घालायचं ते पहिल्या सात-आठ वर्षांत घालावं, ते याचसाठी.

मोठी रक्कम हातात येत नसेल तरी हरकत नाही. दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भरला, बारा ऐवजी तेरा, तर वीस वर्षांचं हे कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि सुमारे दहा लाखांचं व्याज वाचतं. याहून परिणामकारक, आणि पगारदारांना सगळ्यात सोसणारा मार्ग म्हणजे दरवर्षी हप्ताच पाच टक्क्यांनी वाढवत नेणं. पहिल्या वर्षी ४३,३९१, दुसऱ्या वर्षी ४५,५६१, अशा चालीने. पगारवाढ झाली की त्यातला एक तुकडा तिथेच बांधून टाकायचा. असं केलं तर कर्ज बारा वर्षं आणि दोन-तीन महिन्यांत फिटतं, व्याजाचे जवळजवळ साडेएकोणीस लाख वाचतात. शेवटी हप्ता ७५ हजारांच्या पुढे जातो हे खरं, पण तोवर पगारही तिथे राहिलेला नसतो. आणि एखाद्या वर्षी वाढ झाली नाही तर वाढवायचा नाही. सक्ती आपली आपल्यावरच आहे. अर्ज करताना मात्र ‘हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी’ असं स्पष्ट लिहावं. काही ठिकाणी जास्तीचे पैसे भरले की मुदत तशीच ठेवून हप्ता कमी करतात, आणि मग बचतीचा मोठा भाग हातून जातो.

हे सगळं घरातली अडीअडचणीची पुंजी रिकामी करून मात्र करू नये. कर्जात घातलेले पैसे परत सहज काढता येत नाहीत, आणि नोकरी गेली तर बँक हे बघत नाही की मागच्या वर्षी तुम्ही तीन लाख आगाऊ भरले होते. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेवून मग उरेल ते. ज्यांना पैसे अडकवायची भीती वाटते त्यांच्यासाठी काही बँकांत ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं घरकर्ज मिळतं: जास्तीचे पैसे त्याच खात्यात ठेवायचे, तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि लागले तर काढता येतात. दर थोडा जास्त असतो, पण धंदा करणाऱ्यांना ते फार सोयीचं पडतं.

आता व्याजाशिवायचे खर्च. आपल्या ६२ लाख ५० हजारांच्या फ्लॅटवर पुणे शहरात मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे ४ लाख ३७ हजार ५००. तेही करारातली किंमत आणि रेडी रेकनरची किंमत यांत जी जास्त असेल तिच्यावर. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत मिळते. नोंदणी फी ३० हजार. बांधकाम चालू असल्याने जीएसटी ५ टक्के, ३ लाख १२ हजार ५००. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या तयार घराला तो लागत नाही. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देऊ शकते आणि मुद्रांक शुल्क, नोंदणी वगैरे त्या किमतीत धरत नाही. म्हणून हातचे साडेबारा लाख आणि वर हे ७ लाख ८० हजार, मिळून वीस लाखांच्या वर रोकड आधी लागते. प्रोसेसिंग फी, सोसायटी स्थापनेचे पैसे, आगाऊ मेंटेनन्स, महावितरणचं मीटर हे वेगळंच. हा खड्डा अनेक जण पर्सनल लोन काढून भरतात, आणि मग घरकर्जाच्या हप्त्याशेजारी त्याहून कितीतरी महाग दराचा दुसरा हप्ता सुरू होतो. ज्याच्याकडे हे वीस लाख नाहीत त्याने अजून दोन वर्षं थांबावं, असं मी तरी सांगेन.

कर्जाबरोबर विमा घ्यावाच लागतो असं बँकेत सांगितलं जातं. आयुर्विमा घेण्याची सक्ती कायद्याने नाही. पण घरातल्या कमावत्या माणसाच्या माघारी कर्ज कुटुंबावर पडू नये म्हणून विमा हवाच, तेव्हा खरा प्रश्न कुठला विमा हा आहे. बँकेतला विमा बहुधा एकरकमी हप्त्याचा असतो आणि ती रक्कम कर्जातच मिसळली जाते. एक लाखाचा विमा असा कर्जात घातला की वीस वर्षांत त्याचे २ लाख ८ हजार होतात. त्याऐवजी बाहेरून साधा टर्म इन्शुरन्स घेऊन वर्षाला हप्ता भरणं बहुतेकांना स्वस्त पडतं, आणि कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो आपल्याबरोबर राहतो.

बांधकाम चालू असलेल्या घरात आणखी एक खर्च असतो, ज्याला प्री-ईएमआय म्हणतात. बँक बिल्डरला टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि ताबा मिळेपर्यंत आपण दिलेल्या रकमेवर नुसतं व्याज भरतो. तीन वर्षं बांधकाम चाललं आणि या काळात सरासरी निम्मं कर्ज दिलं गेलं असं धरलं तर महिन्याला सुमारे १७,७०० रुपये, तीन वर्षांत ६ लाख ३७ हजार. मुद्दल एक रुपयानेही उतरत नाही आणि वीस वर्षं ताब्यानंतर सुरू होतात. राहत्या घराचं २० हजार भाडं चालूच, ते ७ लाख २० हजार. ताबा एक वर्ष लांबला की दोन्ही आकडे वाढतात. महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्प पूर्ण होण्याची तारीख आणि ती किती वेळा पुढे ढकलली हे बघता येतं. बुकिंगचा चेक फाडण्याआधी ते बघायलाच हवं. बँकेची तयारी असेल तर प्री-ईएमआयऐवजी पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता सुरू करावा.

करसवलतीचं गणित पूर्वी सगळे मांडायचे. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, पण ती जुन्या करप्रणालीत. २०२३-२४पासून नवी प्रणाली आपोआप लागू होते आणि तिच्यात ही वजावट नाही. जुन्या प्रणालीत राहिलेल्या, ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसालाही पहिल्या वर्षीच्या ४ लाख २१ हजार व्याजावर फार तर ६२,४०० रुपये वाचतात. कर वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडायचं नाही, हा सल्ला आता तरी कोणी देऊ नये.

हे सगळं वाचून कर्ज काढून घर घेणं हाच आतबट्ट्याचा व्यवहार वाटेल, तर तेही खरं नाही. १ कोटी ४ लाख हा आकडा मी वर दिला, तो बरोबर आहे, पण त्यात आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच भावाने मोजला आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षीच्या ४३,३९१ रुपयांना आजच्या साधारण १६,३५० रुपयांचीच किंमत असेल. सगळे २४० हप्ते असे आजच्या रुपयात आणून मोजले तर बेरीज होते सुमारे ६६ लाख. म्हणजे ५० लाखांच्या कर्जाची खरी किंमत, आजच्या भावाने, १६ लाखांच्या आसपास. ३० वर्षांच्या कर्जाची याच पद्धतीने साडेबावीस लाख, १५ वर्षांच्या कर्जाची पावणेतेरा. मुदतीचा फरक इथेही दिसतो, फक्त तो ५४ आणि ८८ लाखांच्या आकड्यांइतका भयंकर नाही. जो तुम्हाला नुसती हप्त्यांची बेरीज दाखवून घाबरवतो त्याला हा हिशेब विचारावा. आणि जो महागाईकडे बोट दाखवून तीस वर्षांचं कर्ज गळ्यात मारतो, त्याला विचारावं की माझा पगार महागाईबरोबर तीस वर्षं वाढत राहील याची हमी कोण देणार. पन्नाशीत नोकरी गेलेल्या माणसाला हप्त्याची घटलेली किंमत उपयोगाची नसते.

भाड्याशी तुलनाही अशीच दोन्ही बाजूंनी करायला हवी. सुरुवातीला भाडंच स्वस्त पडतं: आपल्या फ्लॅटसारख्या घराचं भाडं २० हजार धरलं तर पहिल्या महिन्याचं नुसतं व्याजच ३५ हजार आहे. पण अकरा महिन्यांचा करार दर वेळी थोडा वाढतो. वर्षाला पाच टक्क्यांनी वाढत गेलेलं भाडं सोळाव्या वर्षाच्या सुमारास हप्त्याला गाठतं, आणि विसाव्या वर्षानंतर हप्ता संपतो, भाडं संपत नाही. मालकाला मेंटेनन्स आणि घरपट्टी असते. महिना तीन हजारच धरले तरी वीस वर्षांत ७ लाख २० हजार. माझं मत विचाराल तर दहा वर्षं त्याच गावात, त्याच भागात राहायचं नक्की असेल तर घर घ्यावं. बदलीची नोकरी असेल, मुलांच्या शिक्षणाचं गाव अजून ठरलं नसेल, तर पहिल्या आठ वर्षांचा तक्ता आठवावा आणि भाड्याने राहण्यात कमीपणा मानू नये.

१ ऑक्टोबर २०२४पासून प्रत्येक नव्या घरकर्जाबरोबर ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ नावाचं पत्रक द्यावं लागतं. फी आणि बँकेमार्फत घेतलेला विमा धरून वर्षाला खरोखर किती टक्के पडतात तो आकडा, हप्त्यांची संख्या, वसुलीच्या अटी आणि परतफेडीचा पूर्ण तक्ता त्यात असतो. पत्रकात न दाखवलेला आकार कर्जदाराच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे लावता येत नाही. आणि ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यायचं असतं. मराठीत मागा. सहीच्या जागी बोट ठेवून पानं भराभर उलटणाऱ्या माणसाला थांबवून ते पत्रक घरी न्या. त्यावर विचार करायला किमान तीन कामकाजाचे दिवस देणं बँकेला बंधनकारक आहे. दोन-तीन बँकांची पत्रकं शेजारी ठेवली की कमी दराची जाहिरात करणारा कोण आणि खरा स्वस्त कोण, ते दिसतं. कर्ज हातात आल्यावर व्याज कुठल्या तारखेपासून लागलं तेही तपासावं. चेक प्रत्यक्ष द्यायच्या आधीपासून, मंजुरीच्या किंवा कराराच्या तारखेपासून व्याज लावल्याचे प्रकार रिझर्व्ह बँकेलाच तपासणीत आढळले होते आणि एप्रिल २०२४मध्ये तिने ते पैसे परत करायला सांगितलं.

शेवटचा हप्ता गेला की काम संपत नाही. १ डिसेंबर २०२३पासून नियम आहे की पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत बँकेने मूळ कागदपत्रं परत द्यायची आणि मालमत्तेवरचा बोजा काढायचा. तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची पोच जपून ठेवली असेल तर मूळ करारनामा, नोंदणीची पावती, इंडेक्स टू एकेक करून तपासून घेता येतं. नो ड्यूज सर्टिफिकेट घ्यायचं, त्याची एक प्रत सोसायटीला देऊन तिच्या दप्तरातली बँकेची नोंद कमी करून घ्यायची, आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलचा अहवाल काढून कर्ज बंद दाखवलंय का ते बघायचं. नाहीतर पुढे फ्लॅट विकताना गिऱ्हाईकाच्या वकिलाच्या शोधात तो जुना बोजा निघतो आणि फेडलेल्या कर्जासाठी पुन्हा बँकेच्या खेपा सुरू होतात.